पाटील, फौजदार, सरपंच

सयाजी शिंदे यांची सर्वांत गाजलेली भूमिका ‘शूल’मधल्या (१९९९) बच्चू यादवची, याबद्दल वाद नाही. सर्वांत भरीव भूमिका मात्र मला तमिळमध्ये सापडते. २००० साली ज्ञान राजशेखरन यांनी कवी सुब्रमण्यम भारतींवर ‘भारती’ काढला आणि नायक म्हणून घेतला सातारा जिल्ह्यातल्या वेळे-कामथीचा हा गडी. मुंडासं, काळा कोट, पिळदार मिशा हा वेश कुणालाही चढवता येतो. पण घरात तांदळाची पंचाईत असताना कवितेच्या धुंदीत वावरणारी, मान ताठ ठेवणारी ती स्वारी शिंद्यांनी अंगात भिनवली. इतकी सलग भूमिका त्यांना मराठी सिनेमानं किती वेळा दिली? पुढं दक्षिणेनंही त्यांना खलनायकीच्या घाण्याला जुंपलं, हे खरं. निदान पैसा तरी दिला.

आपल्याकडच्या चरित्र अभिनेत्याचं दुखणं हेच आहे. त्याला घडवतं नाटक, पोसतो परका सिनेमा. आणि आपला स्वतंत्र सिनेमा त्याला दोन प्रसंग देऊन मोकळा होतो. शिंदे साताऱ्यात पाटबंधारे खात्यात वॉचमनची नोकरी करत नाटकं करायचे. मुंबईत नाव झालं ते वामन केंद्र्यांच्या ‘झुलवा’नं. त्याची मूळ कादंबरी उत्तम बंडू तुपे यांची, म्हणजे तीही सातारा जिल्ह्यातल्याच, खटावच्या माणसाची. सांगलीचं तर सांगायलाच नको. १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ केलं ते इथंच, आणि देवल, खाडिलकर याच मातीतले. राज्य नाट्य स्पर्धेत अडीच तासांची भूमिका पेलणारा इथला नट कॅमेऱ्यापुढं गेला, की पाटील, फौजदार नाहीतर सरपंच होतो.

हे असंच चालायचं, असं म्हणवत नाही, कारण ‘सामना’ समोर आहे. रामदास फुटाणे निर्माते, जब्बार पटेल दिग्दर्शक, लेखन तेंडुलकरांचं. १९७५ साली चित्रपट बर्लिनच्या महोत्सवात पोचला. त्यात रूढ अर्थानं नायकच नाही. साखर कारखानदार हिंदुराव धोंडे पाटील एका बेवड्या मास्तरला घरी आणून ठेवतो, खाऊपिऊ घालतो, आणि मास्तर काही ‘मारुती कांबळेचं काय झालं?’ हा प्रश्न सोडत नाही. निळू फुले आणि साताऱ्यात जन्मलेले डॉ. श्रीराम लागू दोघंही चरित्र अभिनेते, आणि सगळा सिनेमा या दोघांच्या खांद्यावर. लागूंचा मास्तर अडखळतो, ओशाळतो, तरी पुन्हा तोच प्रश्न विचारतो. तेंडुलकरांनी दोघांना सारखंच वजन दिलं म्हणून हा खेळ रंगला.

अमोल पालेकरांचा ‘बनगरवाडी’ (१९९५) आटपाडीच्या माणदेशातला. तिथं कारभारी झाले ऐंशी ओलांडलेले चंद्रकांत मांढरे, एके काळचे कोल्हापूरचे देखणे नायक. चांगली योजना होती ती.

त्यानंतर वारं फिरलं. गावातलेच नवखे चेहरे घ्यायचे, अभिनय दिसला नाही पाहिजे, अशी रीत पडली. ‘कोर्ट’मध्ये वीरा साथीदार किंवा ‘फँड्री’त सोमनाथ अवघडे पाहताना ती पटते. पण ‘फँड्री’त सोमनाथशेजारी किशोर कदम आहेत, हे विसरून कसं चालेल? पोराच्या रागाला ज्या बापाच्या लाचारीवर आपटायचं आहे, तो बाप कसलेल्या नटानंच तोलला आहे. नक्कल करणाऱ्यांनी नवखे चेहरे उचलले, कदम वगळले. त्यात खर्चही वाचतो, ही गोष्ट वेगळी.

साताऱ्यात चित्रित झालेल्या ‘लागिरं झालं जी’ (२०१७) या मालिकेनं मात्र इथल्या कलाकारांना महिनोन्‌महिने एकच माणूस उभा करायची संधी दिली. मालिकेला नाकं मुरडणाऱ्या आम्हा समीक्षकांना हे जरा अवघड जातं. त्यातली जयडी, म्हणजे किरण ढाणे, पुढं ‘पळशीची पीटी’ (२०१९) या छोट्या सिनेमात प्रमुख भूमिकेत आली. मोठी भूमिका तिला आधी मालिकेनं दिली, सिनेमानं नंतर.