वेलावरचा चोर कुठे गेला?

जॅक आणि घेवड्याच्या वेलाची गोष्ट इंग्लंडात वाढणाऱ्या आपल्या मुलांना शाळेत जायच्या आधीच पाठ होते. तिच्यातला जॅक, खरं सांगायचं तर, चोर आहे. ज्या राक्षसिणीने त्याला खाऊ घातलं, भट्टीत लपवून वाचवलं, तिच्याच घरातून तो सोन्याची नाणी, सोन्याची अंडी देणारी कोंबडी आणि गाणारी वीणा पळवतो. १८०७ साली बेंजामिन टॅबार्टने ही गोष्ट छापली, तेव्हा त्यात एक परी आली. राक्षसाने जॅकच्याच बापाला लुटून मारलं होतं, असं ती सांगते. म्हणजे चोरीचा झाला न्याय! १८९० साली जोसेफ जेकब्सने ही परी वगळली आणि चोराला चोरच राहू दिलं.

ब्रायन सिंगर यांच्या ‘जॅक द जायंट स्लेअर’ने (२०१३) वाट धरली आहे ती टॅबार्टची. इथला जॅक पोरका आणि सालस. बियांच्या बदल्यात गाय दिली म्हणून कपाळाला हात लावणारी आई नाही. तिच्या जागी काका आणि गायीच्या जागी घोडा. राक्षस मुळातच चाल करून येणारे, तेव्हा त्यांना मारणं हे पुण्यकर्मच. वेल झोपडी उचलून आभाळात घुसतो तो प्रसंग, किंवा पिठात गुंडाळलेल्या युअन मॅकग्रेगरची भट्टीत जायची वेळ येते तो, मला मनापासून आवडला. पण घरातली उपासमार गेली आणि गोष्टीतला जीवही गेला. उरली ती लढाई.

राक्षसांना काबूत ठेवणारा मुकुट एका राक्षसाचंच काळीज वितळवून घडवलेला आहे. तो मुळात कोणाचा, हे चित्रपटात कुणालाच विचारावंसं वाटत नाही. शेवटी तो रूप बदलून पोचतो कुठे, तर लंडनच्या टॉवरमध्ये! १८४९ साली दहा वर्षांच्या दुलीपसिंगाकडून तहाच्या कलमाने घेतलेला कोहिनूर ठेवला आहे, त्याच टॉवरमध्ये.

‘जॅकचं चुकलं का?’ हा प्रश्न जुनी गोष्ट मुलाच्या मनात सोडून जाते. चित्रपट तो पडूच देत नाही. मुलांना तो जरूर दाखवावा, पण आधी जेकब्सची गोष्ट वाचून दाखवावी. मग टॉवर पाहायला नेल्यावर कोहिनूरपुढे उभं राहून मूल काय विचारील, त्याचं उत्तर मात्र आपण तयार ठेवलेलं बरं.