कोरलेला डोंगर आणि पूजेची गरज

‘अनुभवामृता’तील ऐक्यविचार वाचताना प्लोटायनस आठवणे स्वाभाविक आहे. तथापि नवव्या प्रकरणातील अकृत्रिम भक्तीचा प्रश्न वस्तुतः सीरियातील इयाम्ब्लिखसचा आहे: ऐक्याच्या तत्त्वज्ञानात पूजाकर्माला स्थान कोणते?

आत्म्याचा एक अंश सदैव वरच राहतो, असे प्लोटायनस मानतो. साहजिकच त्याला अंतर्मुख चिंतन पुरते. इयाम्ब्लिखसच्या मते आत्मा संपूर्णपणे खाली उतरलेला आहे. म्हणून केवळ विचाराने ऐक्य साधत नाही, देवांनी नेमून दिलेली कर्मे लागतात, असे तो पॉर्फिरीला उत्तरादाखल सांगतो. येथे पूजा उणिवेतून जन्मते.

ज्ञानदेवांकडे ही उणीवच नाही. देव, देऊळ आणि परिवार एकाच डोंगरातून कोरावेत, तसा भक्तीचा व्यवहार ते कल्पितात. वर्सोव्याच्या पूर्वेस काही किलोमीटरवर, जोगेश्वरीच्या सहाव्या शतकातील लेण्यात, हा दृष्टान्त प्रत्यक्ष पाहता येतो: गाभारा, खांब, द्वारपाल सारे एका खडकाचे, आणि पूजा आजही चालू. (त्याच शतकात, 529 मध्ये, जस्टिनियनच्या आज्ञेने अथेन्समधील तत्त्वज्ञानाचे अध्यापन थांबले.)

‘पूजा ही ऐक्याची पायरी’ हे सूत्र त्यामुळे इयाम्ब्लिखसला लागू पडते, ‘अनुभवामृता’ला लावणे चूक आहे. इयाम्ब्लिखसकडे निर्णायक असलेला विधीचा तपशीलही येथे गौण ठरतो. सहज चालणे-बोलणेसुद्धा पूजेतच मोडते.