पुरातत्त्वाचे ग्रंथ आणि आपली पांढरी

आपल्याकडे इतिहासाची आवड मोठी आहे. पण ती बहुधा कागदावरच्या इतिहासाची आहे. बखर, पत्रव्यवहार, ताम्रपट यांवर हिरीरीनें वाद घालणारे विद्वान महाराष्ट्रांत पुष्कळ झाले. जमिनींतून निघालेलें खापर, जळकें धान्य किंवा राखेचा थर हाही तितकाच बोलका पुरावा आहे, ही जाणीव मात्र सामान्य वाचकापर्यंत अजून पोंचलेली नाहीं. या विषयावर ग्रंथ नाहींत असें नव्हे. त्यांतून काय घ्यावें आणि कोठें सावध राहावें, एवढाच विचार येथें करावयाचा आहे.

कांहीं महिन्यांपूर्वीं आमच्या एका विद्यार्थ्यानें कल्याणांत एका इमारतीचा पाया खणतांना निघालेला खापराचा तुकडा मेजावर ठेवला आणि विचारलें, "सर, हें किती जुनें?" तीस वर्षें इतिहास शिकवूनही आम्हांस उत्तर देतां आलें नाहीं. तुकडा किती खोलीवर होता, माती कोणत्या रंगाची होती, शेजारीं आणखी काय सांपडलें, असें आम्हीं उलट विचारलें. त्यानें तो बाहेर टाकलेल्या ढिगांतून उचलला होता, आणि तो ढीग संध्याकाळीं ट्रकमधून गेला. खापर हातीं राहिलें. त्याची साक्ष गेली. ज्या बंदराचें नांव 'पेरिप्लस' या ग्रीक प्रवासग्रंथांत आलें आहे, ज्याच्या व्यापाऱ्यांचीं दानें कान्हेरीच्या लेण्यांत कोरलेलीं आहेत, त्या कल्याणांत हें घडावें याची खंत वाटते.

१७८७ सालीं ठाण्याच्या किल्ल्यांत पाया खणतांना शिलाहार राजा अरिकेसरी याचा शके ९३९ चा ताम्रपट सांपडला आणि त्याचें भाषांतर 'एशियाटिक रिसर्चेस'च्या पहिल्या खंडांत छापलें गेलें. त्या पटावर अक्षरें होतीं. म्हणून तो ज्या मातींत होता तिला कांहीं न विचारतांही त्याचा काल आणि त्याचा राजा सांगतां आला. मुक्या वस्तूला ही सवलत नाहीं. तिची जागा हेंच तिचें अक्षर होय.

हें तत्त्व सर मॉर्टिमर व्हीलर यांच्या 'आर्किऑलॉजी फ्रॉम द अर्थ' (१९५४) या ग्रंथाइतकें ठणकावून क्वचितच कोणीं सांगितलें असेल. व्हीलर १९४४ ते १९४८ या काळांत भारताच्या पुरातत्त्व खात्याचे प्रमुख होते, आणि तक्षशिलेस त्यांनीं येथील तरुणांना खणण्याचें शिक्षण दिलें. मोजून आंखलेले चौकोन, मध्यें राखलेल्या मातीच्या भिंती, त्या भिंतींवर दिसणाऱ्या प्रत्येक थरास क्रमांक, ही त्यांची शिस्त. लेखकाची भाषा सैनिकाची आहे आणि निष्काळजी खणणाऱ्यास ती क्षमा करीत नाहीं. परंतु थरांचा क्रम लावतांना त्या थरांवर संसार करणारीं माणसें थोडी दूर राहतात, हें या पद्धतीचें उणेंपण म्हटलें पाहिजे.

ती उणीव भरून काढण्याचा प्रयत्न कॉलिन रेन्फ्रू आणि पॉल बान यांच्या जाडजूड ग्रंथांत दिसतो. 'आर्किऑलॉजी : थिअरीज, मेथड्स अँड प्रॅक्टिस' हा ग्रंथ १९९१ सालीं प्रथम निघाला आणि पुढें त्याच्या अनेक आवृत्त्या झाल्या. त्याची प्रकरणें राजवंशांवर किंवा युगांवर नसून प्रश्नांवर बेतलेलीं आहेत : कोठें? केव्हां? समाजाची घडण कशी होती? लोक काय खात? काय विचार करीत? ही मांडणी आम्हांस अत्यंत मोलाची वाटते. कारण ती वाचकास उत्तरें पाठ करावयास न लावतां विचारावें कसें हें शिकवते. दोष दोन. उदाहरणांचा मुख्य भार परदेशावर आहे. आणि १९६२ च्या बिनफर्ड यांच्या लेखापासून हॉडर यांच्यापर्यंत जें वादळ या शास्त्रांत उठलें, तें येथें इतक्या समजूतदारपणें मांडलें आहे कीं भांडण खरोखरच होतें असें विद्यार्थ्यास वाटत नाहीं.

हे प्रश्न आपल्या मातीस विचारून पाहावे. १८८२ सालीं पंडित भगवानलाल इंद्रजी यांनीं तेव्हांच्या ठाणें जिल्ह्यांतील सोपारा येथें बुरूड राजाचा कोट नांवाचा टेकाड खणला. आंत दगडी करंडक निघाला. त्यांत एकांत एक ठेवलेल्या डब्या, आठ धातुमूर्ती, भिक्षापात्राचे म्हणून जपलेले मातीचे तुकडे, आणि यज्ञश्री सातकर्णीचें चांदीचें नाणें. नाणें दुसऱ्या शतकाच्या सुमाराचें. मूर्ती मात्र शैलीवरून आठव्या-नवव्या शतकांतील ठरतात. म्हणजे स्तूप पुन्हां उघडून पूजिला गेला होता. केवळ नाण्यावर विसंबणारा येथें सहाशें वर्षांनीं चुकेल. नाणें "याच्या आधीं नव्हे" एवढेंच सांगतें. सोपाऱ्याचें हें एक उदाहरण कालनिर्णयावरील मोठ्या प्रकरणाइतकें शिकवतें.

"लोक काय खात?" या प्रश्नाचें उत्तर घोड नदीकांठच्या इनामगांवानें दिलें आहे. १९६८ ते १९८३ पर्यंत डेक्कन कॉलेजनें तेथें खणलें. शंभराहून अधिक घरें, जव आणि कडधान्यें, कोठारास लागून असलेलें पांच खोल्यांचें मोठें घर, तोंडास तोंड लावलेल्या दोन रांजणांत पुरलेलीं बालकें. एका खेड्याचा संसार तीन हजार वर्षांनंतर पुन्हां उभा राहिला, आणि तोही एका अक्षराच्या मदतीवांचून.

मराठीत शां. भा. देव आणि म. के. ढवळीकर या दोघांनींही 'पुरातत्त्वविद्या' याच नांवाचे ग्रंथ लिहून या शास्त्राची परिभाषा रुळविली; हे उपकार विसरतां येणार नाहींत. तरी आमची मागणी वेगळी आहे. विद्यापीठाबाहेरचा वाचक, पाया खणणारा कंत्राटदार, शाळामास्तर यांच्या हातीं देतां येईल असें लहान पुस्तक हवें. त्यासाठीं परके शब्द उसने आणण्याचीही गरज नाहीं. शेताच्या जमिनीस 'काळी' आणि वस्तीच्या जमिनीस 'पांढरी' म्हणणाऱ्या आमच्या कुणब्यास वस्तीच्या राखेनें माती पालटते हें केव्हांच ठाऊक होतें. ओसाड गांवाची पांढरी तो खत म्हणून शेतांत टाकी. पुरातत्त्वाचा पहिला धडा या दोन शब्दांत आहे.

ठाण्यापासून डोंबिवलीपर्यंत आज रोज जेवढी जमीन उकरली जाते तेवढी कोणत्याही उत्खननांत उकरली गेली नसेल. बांधकामें थांबवा असें कोणी म्हणत नाहीं. लोकांस घरें हवींत. पण खड्ड्याच्या भिंतीकडे क्षणभर पाहून थराची खोली आणि रंग टिपून ठेवणारा एखादा माणूस तेथें असावा, इतकी अपेक्षा अवास्तव नाहीं. असें पुस्तक आमच्याजवळ असतें, तर त्या विद्यार्थ्यानें खापर उचलण्यापूर्वीं खड्ड्यांत डोकावून पाहिलें असतें.