आईच्या चौकटीबाहेरच्या रीमा लागू

18 मे 2017 रोजी रीमा लागू यांचे निधन झाले, आणि तेव्हापासून त्यांच्याविषयीचे सारे लेखन ‘हिंदी पडद्यावरची आई’ या एकाच बिरुदाभोवती फिरत राहिले आहे. एका अव्वल विनोदी अभिनेत्रीवर याहून मोठा अन्याय नाही. 2020 च्या टाळेबंदीत दूरदर्शनने त्यांची विनोदी मालिका ‘श्रीमान श्रीमती’ पुन्हा दाखवली, तेव्हा तरी या बिरुदाचा फेरविचार व्हायला हवा होता, पण जुन्या आठवणींच्या उमाळ्यापलीकडे काही घडले नाही.

1994 हे एकच साल पाहावे. ‘हम आपके हैं कौन’मध्ये त्या माधुरी दीक्षित आणि रेणुका शहाणे यांची आई होत्या, ‘तू तू मैं मैं’ या मालिकेत सुप्रिया पिळगांवकर यांची सासू देवकी, तर अशोक पाटोळे यांनी लिहिलेल्या ‘श्रीमान श्रीमती’मध्ये शेजारच्या नटीवर भाळलेल्या केशव कुलकर्णीची बायको कोकिला, म्हणजे कोकी, आणि वय होते अवघे 36. प्रसंगनिष्ठ विनोदी मालिकेत, म्हणजे तीच पात्रे, तेच घर आणि दर भागात नवा घोटाळा असतो त्या प्रकारात, हशा बहुधा घोटाळा करणाऱ्याच्या वाट्याला जातो. ‘श्रीमान श्रीमती’त जतीन कनाकिया, राकेश बेदी आणि अर्चना पूरणसिंग यांनी तो भरभरून वसूल केला. रीमा यांनी मात्र आपला विनोद ऐकण्यावर उभा केला. नवऱ्याची थाप रंगत असताना कोकीच्या चेहऱ्यावरचा विश्वास ढळत नाही, थाप संपली की ती क्षणभर थांबते आणि अगदी घरगुती सुरात असे काही बोलते की त्याला पुढची थाप शोधावी लागते. हा रंगभूमीवरचा ‘पॉज’, म्हणजे दोन वाक्यांमध्ये मोजून धरलेली शांतता; ‘पुरुष’सारख्या नाटकांतून कमावलेली ही शांतता ध्वनिमुद्रित हशाच्या गलबल्यातही त्यांनी सांडू दिली नाही. देवकी सासूच्या भूमिकेत हीच अभिनेत्री नेमके उलटे करते: तिथे शांततेला जागाच नाही, सुनेचे वाक्य संपायच्या आत उत्तर तयार असते आणि भांडणाला जुगलबंदीची लय येते. साडी नेसलेल्या पुरुषांवर चालणारे आजचे हास्यकार्यक्रम या कारागिरीच्या जवळपासही फिरकत नाहीत.

चित्रपटांनी या ऐवजाचे काय केले? डेव्हिड धवन यांच्या ‘जुडवा’सारख्या निखळ विनोदी चित्रपटातही 1997 मध्ये त्यांच्या वाट्याला आले ते पुत्रवियोगाचे दुःखच, आणि 1999 च्या ‘वास्तव’मध्ये त्या आई झाल्या त्या संजय दत्तच्या, जो त्यांच्यापेक्षा जेमतेम एका वर्षाने लहान होता. ‘वास्तव’मधले त्यांचे काम थोर आहे, यात वाद नाही, वाद आहे तो या थोरपणाच्या आड विनोद झाकून टाकण्याच्या सवयीशी. आईच्या भूमिकांनी त्यांना प्रतिष्ठा दिली, असे उत्तर नेहमी दिले जाते, पण ते टिकत नाही, कारण ती प्रतिष्ठा आईपणाला होती, अभिनेत्रीच्या आवाक्याला नव्हती. चाळिशीकडे झुकलेल्या बाईने रडवावे, फार तर तिच्यावर हसावे, पण तिने स्वतःच्या अकलेने हसवावे हे हिंदी चित्रपटाला मानवत नव्हते. ते तिला जमते की नाही, हे पाहायला त्या निर्मात्यांना कुठे जायचीही गरज नव्हती. कोकी आणि देवकी दोघी त्यांच्या घरातल्या टीव्हीवरच होत्या.