'नीळ' शब्दाचा अर्थनिर्णय

जुन्या कागदपत्रांच्या आवृत्तींस शब्दसूची जोडण्याची चाल स्तुत्य होय. परंतु तींत रंग, खनिजें व क्षार यांच्या नांवांची जी वासलात लागते ती टीकेस पात्र आहे. 'नीळ' हाच शब्द घ्यावा. त्यापुढें 'एक निळा रंग' एवढें लिहून संपादक मोकळे होतात. वस्तुतः या नांवाखालीं तीन पदार्थ येतात. पहिला, निळीच्या झाडाचा पाला पाण्यांत कुजवून व तें पाणी घुसळून काढलेला रंग. दुसरा, तेंच रंगद्रव्य, पण कारखान्यांत बनविलेलें. तें जर्मनींतून १८९७ पासून बाजारांत आलें. तिसरा, पांढऱ्या कपड्यांस देण्याची नीळ. चिनी माती, सोडा, गंधक व कोळसा भट्टींत तापवून ती करतात. ही कृति युरोपांत १८२८ च्या सुमारास सिद्ध झाली.

हा भेद क्षुल्लक नव्हे. भित्तिचित्रांत ही तिसरी नीळ आढळल्यास तो थर त्या सुमारापूर्वींचा मानतां येत नाहीं. मात्र बदकशानच्या लाजवर्दाचा रंग घटकांनीं तसाच असल्यामुळें सूक्ष्मदर्शकानें कणांचा आकारही पाहावा लागतो. कागदांतील शब्दास सूक्ष्मदर्शक लावतां येत नाहीं; तेथें सालाकडे, भावाकडे आणि शेजारच्या मालाच्या नांवांकडेच पाहिलें पाहिजे. रंगारी व परीट यांच्या खर्चांतील नीळ एकच समजणारी सूची वाचकास साह्य करीत नाहीं, चकविते.