खळ्यावरचा शब्द

त्रिंबक नारायण आत्रे यांचा ‘गावगाडा’ १९१५ साली प्रसिद्ध झाला आणि दया पवारांचे ‘बलुतं’ १९७८ साली. खळ्यावर राशीतून काढून दिला जाणारा धान्याचा वाटा म्हणजे बलुते. दोन्ही पुस्तकांच्या मुळाशी हाच शब्द असला, तरी तो दोहोंत एकाच अर्थाने येत नाही. हे ध्यानात यायला मला फार वर्षे लागली.

आत्रे महसूल खात्यातले. त्यांची नजर बारीक. पाटील, कुळकर्णी, बारा बलुतेदार, अलुतेदार, फिरस्ते – कोण काय काम करतो आणि कुणब्याच्या राशीतून काय नेतो, याचा असा तपशील मराठीत क्वचितच आढळेल. त्यांची कळकळ कुणब्यासाठी आहे. काम पिढीजात झाले. त्यात कसूर झाली तरी घेणे मात्र चुकत नाही, हे त्यांचे दुखणे. ते खोटेही नाही. आमच्या घराण्यात कुळकर्णपण होते. त्यामुळेच की काय, हे पुस्तक प्रथम वाचताना मी कोठेही अडखळलो नाही.

अडखळलो तो ‘बलुतं’ वाचताना. ज्या वाट्याचा आत्रे हिशेब मांडतात, त्यासाठी हाक येईल तेव्हा धावणारा माणूस येथे बोलतो. महारवाड्यात त्या वाट्यावरून होणारे तंटेही पवार झाकून ठेवीत नाहीत. शिवाय सांगणारा दगडू आणि ऐकणारा दया पवार हे एकच. उतरंडीने एका माणसाचीच दोन माणसे केली आहेत. स्वतःविषयी इतके निर्भीडपणे लिहिणे सोपे नव्हे.

‘गावगाड्या’त कोण कोणाला काय देतो ते कळते, ‘हे काम मी करणार नाही’ असे कोणाला म्हणता येत होते, ते कळत नाही. माझ्या मते सत्तेची खरी परीक्षा तेथेच होते. डॉ. आंबेडकरांनी १९२८ साली मुंबई विधिमंडळात वतन कायद्याच्या दुरुस्तीचे विधेयक मांडले, त्यात या बांधिलकीतून सुटण्याची वाट मागितली होती. महार वतने अखेर रद्द झाली ती १९५८ च्या कायद्याने.

‘गावगाडा’ बाजूला सारावा, असे मी म्हणत नाही. तो ‘बलुतं’शेजारी ठेवून वाचावा, एवढेच म्हणणे आहे. गावाचे दप्तर ज्यांच्या घरी होते, त्यांच्यापैकी मी एक. म्हणून हे म्हणणे मला अधिकच भाग आहे.