पिढी म्हणजे २५ वर्षं

वनहक्क कायदा, २००६ मी एखाद्या साहित्यकृतीसारखा वाचतो. त्यातला सगळ्यात धाडसी शब्द 'पिढी' हा आहे. आदिवासी नसलेल्या वननिवाशाने १३ डिसेंबर २००५ पूर्वी किमान तीन पिढ्या जंगलात राहून त्यावर गुजराण केल्याचं दाखवायचं; आणि पिढी म्हणजे २५ वर्षं. मी नोकरीत अशाच तारखांच्या वजाबाकीचे प्रोग्राम लिहितो. इथे उत्तर येतं १३ डिसेंबर १९३०.

ही तारीख घेऊन गडचिरोलीतल्या ढिवर कुटुंबाने जायचं कुठे? गडचिरोली जिल्हा चंद्रपुरातून वेगळा झाला तोच १९८२ मध्ये. १९३० च्या कागदावर जिल्हा असेल 'चांदा'. आजच्या अर्जासाठी कधीच्या मेलेल्या कारकुनाची साक्ष काढायची, आणि त्याने तर ती नोंद सरकारच्या महसुलासाठी केलेली.

तरी २००८ च्या नियमांतला नियम १३ मला आवडतो. गॅझेटियर, जनगणना, नकाशे यांच्याच यादीत तो गावातल्या वडीलधाऱ्यांचं लिहून घेतलेलं कथनही पुरावा म्हणून धरतो. सरकारी भाषेत इतकं मोठं मन क्वचित दिसतं.

माझी तक्रार वेगळीच आहे. १९३० पाहिलेला माणूस आज शंभरीच्या घरात असणार. कागद कपाटात पडून राहतो, माणूस थांबत नाही. दावा दाखल होण्याची वाट न पाहता ही कथनं आताच लिहून घ्यायला हवीत.